मेंढरं मोजणारी राणी

छावणी, औरंगाबाद
२० जानेवारी १९४९, गुरुवार

सोनादादा,

कागदाच्या डोक्यावर काय लिहावं यावर सकाळपासून अडले होते. मोठा भाऊ म्हणून पाया पडावं, की तीस वर्षं तोंड लपवलंस म्हणून शिव्या घालाव्या, ते ठरंना. मग नुसतं नाव घातलं. अक्षराला हसू नको. मेंढरांमागं फिरताना तूच काठीनं धुळीत बाराखडी गिरवून घेतलीस, त्यापुढं मला कोणी शिकवलेलं नाय.

तुझं कार्ड हातात पडलं अन् मी पोस्टाच्या पायरीवरच बसले. डाकवाला म्हणला, बाई, वाईट खबर हाय का? मी म्हणलं, नाय बाबा, माझा भाऊ जिता हाय, कोल्हापुरात हाय. तो म्हणला, मग रडती कामून? आता त्याला काय सांगायचं.

तू विचारलंस, पोलीस ॲक्शन झाली, निजामाचं राज्य गेलं, आता तिकडं येता येईल का? येता येईल. मनमाडची गाडी चालू हाय. रझाकारांच्या धामधुमीत आबाची मेंढरं गेली, कशी गेली ते विचारू नको. वैजापूरकडचं घर बंद करून मी आबाला इथं छावणीत माझ्याकडं आणलं. मालकांचा लोकरीचा धंदा हाय, दर गुरुवारी इथल्याच बाजारात बसतात. दोन वेळची भाकर सुखानं मिळती. पण अजून कोणाचं दार वाजलं तर माणसं आधी फटीतून बघतात, आमच्याकडं बी अन् शेजारच्या चाँदबीकडं बी.

तर येता येईल. पण आत्ता येऊ नको. आधी मिशी वाढव.

तू लिहिलंस की सवय म्हणून अजून रोज वस्तरा लावतोस. दादा, तुला खरंच कळत नाय का कळून वळत नाय? तवा काय झालं ते विसरलास का? मी दहा-अकरा वर्षांची असंन, पण मला सगळं आत्ता दिसतं. तू नाशकाकडं सिनेमाच्या कंपनीत गेलास. बायका तवा सिनेमात यायच्या नायत, म्हणून तुला लुगडं नेसवून राणी केलं अन् तुझी कोवळी मिशी काढली. तू तसाच दिवाळीला घरी निघालास. येवल्याच्या बाजारात आत्यानं तुला लांबून बघितलं. आपल्यात पोरगा मिशी कधी काढतो? बाप मेल्यावर. आत्यानं तुला थांबवून विचारलं बी नाय. ती थेट आपल्या वस्तीवर आली, छाती बडवत, भावाच्या नावानं हंबरडा फोडत, अन् तिच्यामागं निम्मं गाव. आबा मेंढरं कोंडायच्या जाळीपाशी बसून भाकर खात होता. तो उठून उभा राहिला तशी एक बाई भूत भूत करत पळाली.

दुसरा कोणी असता तर हसला असता. आपला बाप हसणाऱ्यातला नाय. संध्याकाळी तू पेढे घेऊन आलास. आबा दारातच म्हणला, "मला जितेपणी मारलास. आता हे बिनमिशीचं तोंड मी मेल्यावरच या दारात आण." तू पेढे उंबऱ्यावर ठेवून गेलास. पुढच्या पावसाळ्यात माय गेली. लोक म्हणले, पोरानं मिशी बापाच्या नावानं काढली, यमाचा नेम चुकला. आबानं हे ऐकलं अन् तवापासून तुझं नाव घरात कोणी घेतलं नाय.

म्हणून सांगते, मिशी वाढव अन् मग ये. भरघोस मिशी घेऊन दारात उभा राहिलास तर आबाला बोलायला जागा उरणार नाय.

आबाची तब्येत तशी बरी हाय. म्हाताऱ्या माणसाला खोकला असतोच. तरी फार वेळ लावू नको. मिशी लवकर वाढायचं एखादं तेल मिळत असंल तर लाव.

पत्र माझ्या नावानं टाक. मालकांना अजून काय सांगितलं नाय.

तुझी बाना


छावणी, औरंगाबाद
३ फेब्रुवारी १९४९

सोनादादा,

तुझं पत्र मिळालं. मिशी पांढरी येतीय, खाजती, अन् डाव्या बाजूला विरळ हाय, हे वाचून मला एकटीलाच हसू आलं. चाँदबी भिंतीपलीकडून म्हणली, क्या हुआ बाना? मी म्हणलं, माझ्या भावाला मिशी फुटतीय. ती म्हणली, मुबारक हो, किती वर्षांचा झाला? मी म्हणलं, पन्नाशीला आला.

तू आता कपडेपटात राजा-राण्यांच्या लुगड्यांना टाके घालतोस असं लिहिलंस. खऱ्या बाया सिनेमात आल्या अन् तुला गर्दीत उभं केलं, मग बोलपट आला अन् आपली नाय-व्हयची बोली कोणाला चालंना. तुझ्या सिनेमांत तुझं नाव कुठं लिहिलंच नव्हतं, आता राणी कोण होती ते कोणाला माहीत नाय, असंबी लिहिलंस. ते मी दोनदा वाचलं. पण खरं सांगू का, बरंच झालं. नाव लिहिलं असतं तर बाजारात आबाला कोणीतरी टोकलं असतं.

आबा तुझं नाव काढतो का, असं विचारलंस. काढत नाय. पण परवा गल्लीत कोणाच्या तरी लग्नाचा बाजा वाजत होता, तर आबा भिंतीकडं तोंड करून म्हणला, "आपल्या घरातल्या पोराचं लगीन तेवढं राहिलं." माझं लग्न झालं. माझ्या पोराचंबी झालं. मग राहिलं कोणाचं?

मागच्या खेपेला खोकल्याचं लिहिलं होतं, त्यात छातीतल्या पाण्याचं लिहायचं राहिलं. दवाखान्यातल्या डाक्टरनं मालकांना बाजूला घेऊन सांगितलं की होळी बघतील का ते सांगता येत नाय. वरची ओळ खोडायला गेले तर कागद फाटायला लागला, आता राहू दे. तू घाबरून तसाच उठून येऊ नको. अर्धवट मिशी म्हणजे धड ना इकडं ना तिकडं, आबा म्हणंल सोंग करून आलास. पण उशीरबी करू नको. मी काय सांगतेय ते माझं मलाच उमगत नाय. रोज सकाळी आबा उठला का बघते अन् मनात म्हणते, दादाची आज तांदळाएवढी वाढली असंल.

आबाच्या डोक्यात आता नवंच भरलंय. शिवरात्रीला वेरूळला जायचं म्हणतो. माय होती तवा दोघं दरसाल जायची. माय गेल्यावर तो एकदाबी गेला नाय, अन् आता उठायला दोन माणसं लागतात तर म्हणतो, मला घृष्णेश्वराला न्या. विझायच्या आधी दिवा मोठा होतो म्हणतात, मला तीच भीती. मालक म्हणले, नेऊ. मोटार जाती, गर्दी असती, पण म्हाताऱ्याचा शब्द मोडून नंतर आयुष्यभर कोण झुरत बसंल?

मिशी किती झाली ते उलट टपालानं कळव. बोटानं माप.

बाना


छावणी, औरंगाबाद
२८ फेब्रुवारी १९४९

सोनादादा,

बस, अन् मग वाच. उभ्यानं वाचू नको.

शिवरात्रीला आम्ही वेरूळला गेलो. आबाला मोटारीत खिडकीशी बसवलं. देवाचं दर्शन झालं, मालकांनी खांद्यावरून नेलं. दिवस मावळला तरी परतीच्या मोटारीला अवकाश होता. गार वारा सुटला अन् आबाला खोकल्याची उबळ यायला लागली. मालक मोटारीची चौकशी करायला गेले. जवळच एक मोठा तंबू होता. आत पेटी वाजत होती, माणसं दाटीवाटीनं बसलेली, चांगली ऊब होती. आबा म्हणला, इथं काय हाय? मी म्हणलं, भजन असंल. खरं तर दारावरचा कापडी फलक मी वाचला होता. सिनेमा होता. पण म्हाताऱ्याला वाऱ्यातून आत घ्यायचं होतं, अन् आबानं सिनेमा या शब्दाला तीस वर्षं थुंकलेलं हाय.

आत पडद्यावर चित्रं हलायला लागली तशी आबानं माझा हात धरला. जुना सिनेमा होता, मुका. चित्रावर सारख्या रेघा पडत होत्या. पुंजाराम म्हणून एक माणूस काठी घेऊन पडद्याशी उभा होता अन् राजाचं, राणीचं, ऋषीचं, सगळ्यांचं बोलणं तोच बोलत होता. पहिला भाग जळून गेलाय म्हणला, म्हणून कोणत्या राणीची गोष्ट ते मला कळलं नाय. राणी वनवासात होती. डोईवर घागर घेऊन नदीवर आली.

मी तुला आधी कपाळावरून ओळखलं. लहानपणी मेंढ्यानं धडक दिली होती ती खोक, पावडर थापली तरी दिसत होती. मी आबाला म्हणलं, चल, मोटार आली. आबा हलंना. मी दंडाला धरून उठवायला लागले तर त्यानं माझा हात झटकून टाकला. त्याच्या अंगात एवढी ताकद मी महिन्यात बघितली नव्हती.

राणीनं घागर खाली ठेवली. डाव्या हाताचा आडोसा डोळ्यांवर धरला, पदराचं टोक दातात घेतलं अन् लांब बघत ओठ हलवायला लागली. पुंजाराम ओरडला, "राणी म्हणते, हे देवा, माझ्या हाकेला धाव."

अन् आबा मोठ्यानं म्हणला, "खोटं बोलतोस. साळू मेंढरं मोजतीय."

सगळा तंबू हसला. पुंजारामबी हसला. आबाचं कोणाकडं लक्षच नव्हतं. तो राणीच्या ओठांबरोबर मोजत होता, माय मोजायची तसं, एक इसा, दोन इसा, तीन इसा, दर वीस मेंढरांना एक बोट मुडपत. दादा, मीबी बघितलं. तेच होतं. दिवस कलताना माय जाळीच्या तोंडाशी उभी राहून मोजायची अन् आपल्याला तवा मधी बोलायची बंदी असायची. शेवटाला राणीच्या कपाळावर आठी पडली, तिनं मान वळवून मागच्या वाटेकडं बघितलं. आबा म्हणला, "एक कमी भरलं. लंगडी मागं राहिली."

मग फीत तुटली. दिवा लागला. पुंजाराम म्हणला पुढचा तुकडा नाय, खेळ संपला. आबा म्हणला, एकदा परत दाखवा. मी पदर पसरून विनवणी केली, पण त्यांना पेटी-बिस्तरा आवरायचा होता, पुढचा मुक्काम वैजापूरला म्हणले.

मोटारीत आबाला परत खिडकीशी बसवलं. दौलताबादचा किल्ला मागं गेला तवा म्हणला, "साळूचा फोटू कोणी काढला? मला कसं ठाऊक नाय?" आपल्या घरात मायचा एकबी फोटो नाय, तुला माहीत हाय. मी म्हणलं, असंल काढला कोणी. आबानं ते ऐकून घेतलं. तो तवापासून तेच धरून बसलाय. चाँदबी खोकल्याचा जोशांदा घेऊन आली तर तिलाबी सांगितलं, माझी बायको सिनेमात हाय.

आता मी काय करू? त्याला सांगितलं की ती माय नाय, तूच हायस, तर काय होईल? संतापाच्या भरात काही झालं तर? अन् नाय सांगितलं तर तो असाच जाईल, तुला न ओळखता. मालकांना सगळं सांगितलं. ते म्हणले, तुझा भाऊ, तुझा बाप, तूच ठरव. मोठे शहाणे. वेरूळहून आल्यापासून आबाचे पाय सुजलेत.

एक मला सांग. तू तिथं राणी होतास ना? मग मेंढरं कामून मोजत होतास?

बाना


छावणी, औरंगाबाद
१० मार्च १९४९

सोनादादा,

तुझं पत्र मंगळवारी आलं अन् मी ते आबाला वाचून दाखवलं. ठरवून नाय दाखवलं. आबानं सकाळपासून वैजापूरचा हट्ट धरला होता, मला साळूकडं न्या, तंबू उठायच्या आत न्या. बसता येत नाय, अन् गाडी जुंपा म्हणतो. मला रडू फुटलं. मी म्हणलं, आबा, ती माय नाय. तो आपला सोना हाय.

आबानं हातातला तांब्या भिंतीवर मारला. सगळं पाणी गोधडीवर. मी दाराशी उभी राहिले अन् तसंच तुझं पत्र वाचलं, थांबले असते तर परत धीर झाला नसता. तू लिहिलंस ना, की तिथले मोठे साहेब म्हणले, तोंडानं काहीबी बोल, ऐकू कोणालाच येणार नाय, नुसता देवाचा धावा वाटला पाहिजे. अन् राणी देवाला कशी हाक मारती ते तुला ठाऊक नव्हतं. जीव लावून लांबवर बघणारी बाई तू आयुष्यात एकच बघितली होती, म्हणून तू दिवस कलताना मेंढरं मोजणारी माय झालास. तेवढं वाचून मी थांबले.

मी गोधडी बदलली, कोरडी घातली. मग आबा म्हणला, "चाल नाय जमली त्याला. साळू डावीकडं झुकून चालायची. हा सरळ चालला." मी म्हणलं, व्हय. "पण मोजणं बरोबर होतं." मी म्हणलं, व्हय आबा. सुंभ जळला तरी पीळ जात नाय, तसा आपला बाप. आधी चूक काढली, मग बाकीचं.

मग विचारलं, "आता कसा दिसतो?" माझा जीव भांड्यात पडला. मी मोठ्या दिमाखात सांगितलं की आता मिशी हाय त्याला, बोटभर, पांढरी, तुझ्यासाठीच वाढवलीय. मला वाटलं खूश होईल. आबा म्हणला, "काढून टाक म्हण. मिशीआड साळू दिसायची नाय. तसाच ये म्हण, जसा तिथं होता."

मी म्हणलं, आबा, तू जिता असताना? तो म्हणला, "मी जिता हाय तवाच बघायचंय ना? मेल्यावर काय बघू?"

दादा, आबानं सांगितलेलं मी जसंच्या तसं लिहिलंय. आता माझं ऐक. मालकांच्या मनात नाय. ते म्हणतात, बाप जिता असताना दुसऱ्यांदा मिशी काढली तर भाऊबंद तोंडात शेण घालतील, उद्या खांदा द्यायला कोणी येणार नाय. मला भाऊबंदांची एवढी फिकीर नाय. मला मायची आठवण येती. तू काढलीस अन् वर्षात माय गेली. यात काही नाय, माय तापानं गेली, मी जवळ होते, तिच्या कपाळावर पट्ट्या मीच ठेवल्या. तरी भीती जात नाय. आबा म्हणतो काढ. मालक म्हणतात काढू नको. मी काय म्हणते ते मलाच ठरवता येत नाय. पण तू ये. डाक्टर आता पैसे घेत नाय, नुसता नाडी बघून जातो.

आबा झोपला की मी त्याच्या छातीवर हात ठेवून बघते. जागा असला तर म्हणतो, "हाय अजून. पत्र टाकलंस का?"

बाना


छावणी, औरंगाबाद
२० मार्च १९४९

सोनादादा,

या पाकिटात कागदाची एक लहान पुडी हाय. ती नंतर उघड, आधी पत्र वाच.

तुझं उत्तर आलं. वाचून मला तुझा राग आला, अन् मग तुझी कीवबी आली. तू लिहिलंस, "एकदा काढली अन् माय गेली. आता काढून निघालो अन् मी मनमाडलाच असताना आबा गेला, तर मी कोणत्या तोंडानं जगू? वस्तरा हातात घेतो अन् खाली ठेवतो. मिशी असू दे. तू आबाला समजाव, तो हो म्हणला की मिशीसकट येतो." दादा, तू तीस वर्षं सिनेमावाल्यांत काढलीस अन् शेवटी आमच्याहून भित्रा निघालास. मी समजावत बसले तर समजायला माणूस उरणार हाय का?

मी आबाला खोटं सांगणार होते की पत्र आलं नाय. पण त्यानं माझ्या तोंडाकडं बघितलं अन् म्हणला, वाच. वाचलं. भ्यायला का तो, म्हणला. व्हय म्हणलं. तर म्हणला, न्हाव्याला बोलाव.

मला वाटलं दाढी करायची असंल, होळीपासून केली नव्हती. न्हावी आला, पाण्यानं गाल भिजवले, वस्तरा पाजळला. आबा म्हणला, "दाढी राहू दे. मिशी काढ." न्हाव्यानं घरभर नजर फिरवली अन् हळूच मला विचारलं, "कोण गेलं?" मी म्हणलं, कोण नाय. तसा तो उठला. आबाला म्हणला, मुंजाबा, घरात कोणी गेल्याशिवाय या वयाच्या माणसाची मिशी मी काढत नसतो, उगं मला पापात घालू नका. त्यानं धोकटी गुंडाळली अन् वाटी तशीच टाकून गेला.

आबाची मिशी तुला आठवती का? लहानपणी आपण तिला मेंढ्याची शिंगं म्हणायचो. मेंढरं गेली, घर सुटलं, आजारात अंगावर मांस राहिलं नाय, पण मिशीला रोज सकाळी तेल लागायचंच. हात उचलंना तर माझ्याकडून लावून घ्यायचा.

म्हणला, "बाना, माझी कातर दे." मेंढरं कातरायची, मायच्या हातची, मी गादीखाली ठेवली होती. मी दिली नाय. म्हणला, देतीस का मी उठू? उठला असता तर तिथंच पडला असता. मी दिली. त्यानं डाव्या हातानं मिशी ताणून धरली, मेंढराची लोकर धरतात तशी, अन् एक बाजू कापली. दम लागला. मी म्हणलं, आबा, बास. तो म्हणला, अर्धवट कातरलेलं जनावर कधी सोडलंय का मी? अन् दुसरी बाजू कापली. ओठाला थोडं लागलं. रक्त मी पुसलं.

तेवढ्यात मालक बाहेरून आले. आबाचा चेहरा बघितला अन् खांद्यावरचं लोकरीचं गठुडं हातातून सुटलं. म्हणले, "कोण गेलं?" आबा म्हणला, "कोणीच नाय. मी इथंच हाय, बघ." अन् दादा, आबा हसला. आत्या छाती बडवत आली होती ना, त्या दिवशी हसायचं राहिलेलं तो आत्ता हसला. खोकला आला तरी हसत होता. मालक आधी रागावले, मग खाली बसले अन् तेबी हसले. मी एकटीच रडत होते, चाँदबीनं येऊन मला धरलं.

मग आबा म्हणला, लिही. तो सांगतो तसं लिहिते.

"सोना, तुझ्या बापानं आपल्या हातानं आपली मिशी काढली. मेलो नाय. घास बी खाल्ला. मिशीनं माणूस मरत असता तर मी आज मेलो असतो. साळू तापानं मेली. ती तुझ्यामुळं मेली असं लोक म्हणले अन् मी त्यांना म्हणू दिलं. आता तुझी पाळी. काढ अन् ये. गोधडीत पडल्या पडल्या मला तुझं तोंड बघायचंय. पुढं लोक काय म्हणतील ते म्हणू दे, मला ऐकू येणार नाय."

पुडीत त्याची मिशी हाय. तू विश्वास ठेवायचा नायस म्हणून त्यानंच बांधायला लावली. टाकून देऊ नको, येताना परत घेऊन ये.

आता मी माझं लिहिते. सकाळपासून आबाला धाप लागलीय. पायाची सूज मांडीपर्यंत आलीय. बोलताना मधी थांबतो. ही खोटी खबर नाय अन् तुला लवकर आणायची युक्तीबी नाय. पत्र मिळंल त्याच दिवशी गाडी धर. वस्तरा मिळाला तर लाव, नाय मिळाला तर मनमाडला लाव, तिथंबी नाय तर इथं येऊन लाव, कातर आबाच्या उशाशीच हाय. मालक आजपासून मनमाडच्या प्रत्येक गाडीला स्टेशनवर उभे राहणार हायत. त्यांनी तुला कधी बघितलं नाय, पण ते म्हणतात, म्हातारा सिनेमातली राणी दिसली की ओळखीन.

आत्ता हे लिहिताना आबानं डोळे उघडले अन् विचारलं, "गाडीनं कोण येणार हाय? सोना का साळू?"

मी म्हणलं, दोघंबी एकाच तिकिटावर येणार हायत. तो म्हणला, "मग तर स्वस्तात आलं," अन् बोटं मुडपत काहीतरी मोजायला लागला. एका बोटापाशी थांबलाय, अन् वाट बघतोय.

तुझी बाना